पुतळ्याच्या बाजूचा हुक

माझ्या वडिलांना मी एकदा मुद्दाम रडवलं. तोंडून निघून गेलं, रागाच्या भरात झालं, असलं काही मी सांगणार नाही. आठ महिने ती गोष्ट मी जपून ठेवली होती आणि नेमकी वेळ साधून, जेवणाच्या टेबलावर, माझ्या मुलीसमोर बाहेर काढली. त्यांचं वय अठ्ठ्याहत्तर होतं, माझं सत्तेचाळीस. म्हणजे दोघंही चांगले कळत्या वयातले होतो.

मी विमा कंपनीत काम करते. लोकांचे दावे नाकारायचे, तेही इतक्या सभ्य भाषेत की नाकारलेल्या माणसानं आभार मानून फोन ठेवावा, हे माझं काम. एकोणीस वर्षं सिंगापुरात हेच करते आहे. कुणाला नेमकं कुठं लागेल, हे मला चांगलं कळतं.

आमच्या बिशानच्या फ्लॅटमध्ये हॉलच्या भिंतीवर दोन फोटो आहेत. एक आईचा, रंगीत, तिच्या साठीला काढलेला. दुसरा काळा-पांढरा, बाबांच्या तरुणपणाचा. त्या फोटोच्या डाव्या अर्ध्या भागात एक उंच दगडी चौथरा आहे आणि त्यावर ब्राँझचा सैनिक, मान खाली घातलेला, शिरस्त्राण काढून हातात धरलेला. उजव्या अर्ध्या भागात बाबा. पोटऱ्यांपर्यंत लोंबणारा ओव्हरकोट, कानांवर ओढलेली टोपी, आणि त्या सगळ्यातून बाहेर डोकावणारं पुण्याच्या पेठेतलं नाक.

कोट बाबांचा नव्हता. पुण्याच्या कारखान्यानं त्यांना बंदरावरच्या क्रेनचं काम शिकायला तीन वर्षं बाहेर पाठवलं होतं, बाल्टिक समुद्राकाठच्या एका शहरात. तेव्हा ते शहर सोविएत देशात होतं. आता तो वेगळा देश आहे, त्याचं वेगळं निशाण आहे, पण बाबा अजूनही त्याला 'आमचं शहर' म्हणतात. ज्या हॉस्टेलात ते राहायचे, त्याच्या दारात कोट काढून ठेवायच्या खिडकीवर एक म्हातारी बसायची. पहिल्या हिवाळ्यात हा मुलगा आईनं विणलेल्या स्वेटरवर कारखान्यात निघालेला तिनं पाहिला, आणि दुसऱ्या दिवशी घरून कोट घेऊन आली. तिच्या मुलाचा. मुलगा युद्धावर गेला तो गेलाच. कुठं पडला, कुणी पुरला, पुरला तरी का, कशाचाच पत्ता नाही. कोट मात्र तिनं इतकी वर्षं डांबराच्या गोळ्या घालून सांभाळला होता.

नऊ मेला, त्यांच्या विजयाच्या दिवशी, ती बाबांना घेऊन त्या पुतळ्यापाशी गेली. तिच्या लेखी तीच तिच्या मुलाची कबर. तिथं तिनं फुलं ठेवली, बाबांनाही ठेवायला लावली, आणि म्हणाली, तू तुझ्या देशात जाशील, इथं येणं व्हायचं नाही, तर जिथं असशील तिथं आजच्या दिवशी फूल ठेव. बाबा हो म्हणाले. बाबांच्या 'हो'चा आमच्या घराला फार त्रास झाला आहे.

लग्नानंतरच्या पहिल्याच मे महिन्यात त्यांनी या फोटोला झेंडूचा हार घातला. आई स्वयंपाकघरातून बाहेर आली आणि किंचाळली. "अहो, जिवंत माणसाच्या फोटोला हार घालतात का? तुम्ही उभे आहात त्यात!"

"हार त्याला आहे, मला नाही," बाबा म्हणाले.

"हाराला काय कळतंय?"

पुढची दोन-तीन वर्षं नऊ मेला आमच्याकडे चूल थंड असायची. मग आईनं तोड काढली. तिनं फोटोच्या डाव्या कोपऱ्यावर स्वतः एक वेगळा खिळा ठोकला. हार त्या खिळ्याला अडकवायचा, म्हणजे तो सरळ खाली लोंबायचा, सैनिकाच्या अंगावर. बाबांच्या अंगावर एक पाकळीही यायची नाही. दरवर्षी हार घालून झाला की ती लांब उभी राहून बघायची आणि कुठं एखादं फूल उजवीकडे झुकलं असेल तर चिमटीनं सारखं करायची. माझ्या लहानपणी मला वाटायचं, सगळ्यांच्याच घरी असा अर्धा हार असतो.

ते दोघं लाँग टर्म व्हिजिट पासवर माझ्याकडे राहायला आले तेव्हा फोटोही आला. इथल्या काँक्रीटच्या भिंतीत खिळा जाईना. आईनं खालच्या दुकानातून चिकटवायचे हुक आणले. हुक भिंतीवर तीस सेकंद दाबून धरावा, असं पाकिटावर लिहिलं होतं. आई मोठ्यानं तीसपर्यंत मोजत होती आणि बाबा मागून "अजून डावीकडे हवा होता" म्हणत होते. मधेच तिचा आकडा चुकला, तर तिनं पुन्हा एकपासून सुरुवात केली.

चार वर्षांनी आई गेली. सकाळी चहा गाळताना खाली बसली ती उठलीच नाही. पुण्याच्या माणसाला मंडई म्हणजे भाजी. इथं मंडाई म्हणजे विद्युतदाहिनी. अस्थी घ्यायला बाबा माझ्याबरोबर मंडाईला आले, पण त्या समुद्रात सोडायला यायला तयार होईनात. चांगीहून बोट ठरवली होती, माझी दोन दिवसांची रजा होती, मुलीची परीक्षा तोंडावर होती, नवरा दुबईला कामात अडकला होता. "गुडघा," बाबा म्हणाले आणि गुडघ्यावर हात ठेवून सोफ्यावर बसून राहिले. बोटीत मी आणि मुलगी. आईला समुद्रात सोडलं, वर फुलं टाकली, बोटवाल्यानं इंजिन सुरू केलं, आणि फुलं कुठं गेली ते दिसलंही नाही.

चौदा दिवसांनी नऊ मे होता. बाबा सकाळी उठले, दाढी केली, एमआरटीच्या मेट्रोनं लिटल इंडियात गेले, हार घेऊन आले आणि पुतळ्याला घातला. त्याच गुडघ्यांवर.

ते मी विसरले नाही. माझ्या आईच्या अस्थींसाठी जो गुडघा वाकेना, तो एका परक्या देशातल्या दगडासाठी दोनदा गाडी बदलून गेला, हे मी मनात टिपून ठेवलं. पहिल्या वर्षश्राद्धाला बसा म्हटलं तर म्हणाले, "मी नाही बसणार." कारण विचारलं तर उठून आत गेले. शेवटी मीच बसले. गुरुजी पुण्याहून टॅब्लेटवर होते. "यजमान कुठे आहेत?" त्यांनी विचारलं. यजमान आत बसून जहाजांच्या बातम्या वाचत होते. गुरुजींना मी सांगितलं, गुडघा.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये तो पुतळा पाडला.

मला ते ऑफिसात कळलं. क्वीन्सटाउनच्या आमच्या ऑफिसात त्या देशाची एक बाई आहे, माझ्याच वयाची, कामाला चोख, बोलायला कमी. त्या दिवशी ती पँट्रीत आली तीच हातात फोन नाचवत. बघ, बघ, म्हणाली. फोनवर तोच चौथरा, तोच सैनिक, आणि शेजारी पिवळी क्रेन. आमच्या हॉलमध्ये जो चेहरा मी रोज पुसते, त्याच्याभोवती पट्टा आवळत होते. मी तिला विचारलं, तुला एवढा कसला आनंद झाला? तेव्हा तिनं आजीची गोष्ट सांगितली. आजीला दोन मुलांसकट गुरांच्या डब्यात घालून उत्तरेला नेलं होतं, ज्यांनी नेलं त्यांच्याच फौजेचा हा पुतळा. परत येताना आजीबरोबर एकच मूल होतं. मग शाळेत असताना दर नऊ मेला तिच्या आईला या पुतळ्याला फुलं वाहायला रांगेत उभं करायचे, असं ती म्हणाली.

पुतळा खाली आला तेव्हा तिनं टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. माझ्या टाळ्या तिच्या आजीसाठी नव्हत्या, पण खोट्याही नव्हत्या. व्हिडिओ मी तिच्याकडून मागून घेतला.

घरी मात्र बोलले नाही. चांगुलपणा म्हणून नव्हे. हातात आलेली वस्तू लगेच कशाला खर्च करायची, एवढंच.

आणि नेमकं त्याच सुमारास बाबांनी सुरू केलं. "मला एकदा तिथं जाऊन यायचंय. गुडघे चालताहेत तोवर." येत्या नऊ मेला तिथं असायचं, असं त्यांनी मनाशी ठरवूनच टाकलं होतं. पासपोर्टसाठी फोटो काढून आणला. बिशान पार्कमध्ये सकाळी एक चक्कर मारायचे त्याच्या दोन केल्या, मग तीन. गुडघ्याला पट्टा बांधून, घामाघूम होऊन यायचे आणि मला सांगायचे, "आज तीन झाल्या, हां." मी कधी म्हणायचे व्हिसा अवघड आहे, कधी म्हणायचे थंडी असते. "मे महिन्यात?" ते हसायचे. "मी तीन वर्षं काढलीत तिथं. मला सांगतेस?"

मुलगी सोळा वर्षांची. बाबा तिला म्हणाले, त्या पुतळ्याचा आत्ताचा फोटो काढून दाखव इंटरनेटवर. तिनं शोधला, सगळं वाचलं, आणि माझ्याकडे आली. मी तिला म्हटलं, नेट चालत नाही म्हणून सांग.

"दॅट्स लाइंग, आई. जस्ट टेल हिम लाह."

"सांगीन. वेळ आली की सांगीन."

"व्हॉट वेळ?"

वेळ एप्रिलमध्ये आली. आईचं दुसरं श्राद्ध.

या खेपेला मी ठरवलं होतं, बाबांना बसवायचंच. आदल्या दिवशी चांगल्या शब्दांत सांगितलं, सकाळी वाईट शब्दांत सांगितलं. "मी नाही बसणार," तेच. पुन्हा मी बसले, पुन्हा गुरुजींनी यजमानांची चौकशी केली, पुन्हा गुडघा. मधेच आवाज तुटला आणि आईच्या गोत्राचा उच्चार मी अंदाजानं केला. इथं कावळ्याला घास ठेवायचीही सोय नाही, पक्ष्यांना खायला घातलं तर दंड. पान तसंच झाकून ठेवलं, नंतर पिशवीत बांधून कचऱ्याच्या चुटमध्ये टाकलं. माझ्या आईचं पान.

मग जेवायला बसलो. खीर, वडे, आमसुलाची चटणी, सगळं मी पहाटे उठून केलेलं. बाबा आले, हात धुतले, बसले, मन लावून जेवले. आणि म्हणाले, "वडे छान झालेत. आणखी एक वाढ."

मी वडा वाढला. टीव्हीचा रिमोट घेतला आणि फोनवरचा व्हिडिओ मोठ्या पडद्यावर लावला.

आधी नुसतं शहर दिसतं त्यात. झाडं, ट्रामची तार, मागं चर्चचा मनोरा. बाबांनी घास हातातच ठेवला. "अरे! आमचं शहर!" त्यांचा चेहरा इतका उजळला की मुलीनं माझ्याकडे बघितलं आणि मान खाली घातली. "हे बघ, हा मनोरा, याच्या मागच्या गल्लीत आमचं हॉस्टेल. झाडं केवढी झाली गं!" त्यांना वाटलं मी तिकिटं काढली. वाटलंच असणार, कारण ते माझ्याकडे वळून म्हणाले, "तू पण ना! मनात ठेवतेस आणि सांगत नाहीस."

मी म्हटलं, "पुढं बघा."

पुढं क्रेन आली. बाबा आयुष्यभर क्रेनचा माणूस. क्षणभर त्यांना कळलंच नाही, ती कशाला आली आहे. ते म्हणाले, "पट्टा चुकीचा घेतलाय. पोटाला नाही बांधायचा, काखेतून घ्यायचा. असा उचलला तर गरकन फिरेल." तेवढ्यात तो फिरला. घोट्यापाशी कडकन मोडला, आडवा झाला, डोक्यावर आपटला. लोकांनी टाळ्या वाजवल्या, गाड्यांचे भोंगे वाजवले. चौथऱ्यावर सैनिकाचे नुसते बूट उरले.

"बूट राहिले," बाबा म्हणाले.

मग ते रडले. आवाज न करता, हातात अर्धा वडा तसाच धरून, नाकावरून ओघळ वाहू देत. आई गेली तेव्हा त्यांनी डोळ्याला रुमाल लावला नव्हता. आणि मला काय वाटलं सांगू? बरं वाटलं. दोन वर्षांत पहिल्यांदा पोटभर जेवल्यासारखं.

पण मी तिथंही थांबले नाही. "ऑगस्टमधलं आहे हे," मी म्हटलं. "मला तेव्हाच माहीत होतं."

त्यांनी मान हलवली.

"त्या लोकांच्या छातीवर आणून बसवला होता तो, बाबा. तुमच्या म्हातारीचा मुलगा मेला, बरोबर. तिथल्या लोकांना गुरांच्या डब्यात घालून नेलं, त्यांच्या मुलांचं काय? तीन वर्षं राहिलात, त्यांच्या भाषेतला एक तरी शब्द येतो तुम्हाला?"

बाबांनी खरंच विचार केला. अगदी कपाळाला आठ्या घालून. "नाही," म्हणाले. "एकही नाही."

"आई," मुलगी म्हणाली, "तू पण नाइन्टीन इयर्स इकडे आहेस. तुला कुठे चायनीज येतं?"

तिला मी गप्प बस म्हटलं आणि बाबांना शेवटचं सांगितलं, जे मी खास राखून ठेवलं होतं. "आपण राहतो ते बिशानसुद्धा कबरस्तान होतं. चिन्यांच्या कबरी उकरल्या, हाडं जाळली आणि त्यावर हे ब्लॉक बांधले. त्यातल्याच एका ब्लॉकमध्ये तुम्ही पंखा लावून दुपारची झोप काढता. तेव्हा नाही रडू आलं? आईसाठी नाही आलं? दगडासाठी आलं?"

ते उठले. ताट उचलून सिंकमध्ये ठेवलं, घासलं, निथळत ठेवलं. टेबलावर अर्धा वडा राहिला होता. तो मी टाकून दिला.

त्यानंतर बाबा पार्कमध्ये गेले नाहीत. गुडघ्याचा पट्टा गुंडाळून खणात ठेवलेला मला दिसला. एक दिवस बसनं एकटेच मरीन परेडला जाऊन आले, समुद्रावर नांगरलेली जहाजं बघायला. माझ्याशी बोलायचे, नाही असं नाही. मीठ दे, दूध संपलंय, असलं बोलायचे. मीही माघार घेतली नाही. मला वाटत होतं, हिशेब मिटला.

दहा दिवस झाले असतील. रविवारची सकाळ. मी पोळ्यांची कणीक मळत होते. बाबा आले आणि ओट्यावर, परातीशेजारी, त्यांनी एक डबी ठेवली. पूर्वी कॅमेऱ्याचे रोल यायचे त्या काळ्या डब्या, राखाडी झाकणाच्या, तशी. झाकणाभोवती दोऱ्याचे वेढे.

"हे काय?" मी विचारलं.

"तुझी आई."

माझे हात पिठातच राहिले.

"मंडाईला तू सही करायला खिडकीवर गेली होतीस," ते म्हणाले. "तेव्हा घेतली. तुला आधी विचारलं होतं, थोडी ठेवूया का. दोनदा विचारलं होतं. तू म्हणालीस, असलं घरात ठेवत नाहीत, पाण्यात सोडून मोकळं व्हायचं असतं."

मला आठवत नव्हतं. मग आठवलं. एकदा गाडीत विचारलं होतं, एकदा लिफ्टपाशी. दोन्ही वेळा माझ्या हातात फोन होता आणि मी बोटवाल्याशी वेळेवरून वाद घालत होते. माझं ते वाक्यही जसंच्या तसं आठवलं, कारण ऑफिसात मी त्याच आवाजात बोलते.

"पाण्यात सोडलं की जागा राहत नाही गं," बाबा म्हणाले. "माणसानं कुठं जाऊन उभं राहायचं? आपल्यात कुणाचीच जागा राहत नाही. माझ्या वडिलांची नाही, आईची नाही. ती म्हातारी मला तिथं घेऊन गेली ना, तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की मेलेल्या माणसाला भेटायला जाता येतं. मग मी दरवर्षी आपल्या सगळ्यांसाठीच त्या पुतळ्याला हार घालायचो. हार एक, माणसं पुष्कळ."

"म्हणून बोटीत बसला नाहीत?"

"खिशात ही होती. तिला अर्धी टाकायची आणि अर्धी खिशात घेऊन परत यायचं, तुझ्या डोळ्यांसमोर? जमलं नसतं मला." डबीवरचा सैल झालेला दोरा त्यांनी पुन्हा गुंडाळला. "श्राद्धाला बसलो नाही तेही त्याचमुळं. ती अजून पुरती गेलेली नव्हती. तिला तिथं, त्या चौथऱ्याच्या कडेला मातीत ठेवायचं होतं. तिथं एक पोरगा आधीच होता, पत्ता नसलेला. त्याचा कोट मी वापरलाय. तो तिला नाही म्हणाला नसता. परत आलो असतो आणि मग बसलो असतो तुझ्या गुरुजींसमोर."

मला वाटलं होतं, मी एक पुतळा पाडलेला दाखवला. मी काय दाखवलं होतं, ते मला परातीसमोर उभं राहून कळलं. लोकांच्या टाळ्यांसकट दाखवलं होतं. आणि बाबांनी ते बघताना मला एका शब्दानं सांगितलं नाही की तू आईची जागा उखडलेली दाखवते आहेस. नुसतं म्हणाले, बूट राहिले.

"आता हिला कुठं ठेवू?" त्यांनी विचारलं. टोमणा नव्हता त्यात. खरंच विचारत होते, मोठ्या शहरात राहणाऱ्या, सगळे फॉर्म भरता येणाऱ्या मुलीला.

मी म्हणाले, "बघू."

माझ्या कामात मी दिवसातून वीस वेळा 'बघू' म्हणते. त्याचा अर्थ काय, ते समोरच्याला दोन दिवसांनी पत्रानं कळतं. बाबांना लगेच कळलं. डबी उचलून ते खोलीत गेले.

मी माफी मागितली का? नाही. मागावीशी वाटली, पण मी त्यांचीच मुलगी. कणकेचा गोळा कडक होऊन गेला, तरी त्याच्याच पोळ्या केल्या, आणि त्या आम्ही तिघांनी खाल्ल्या.

मग नऊ मे आला. मला वाटलं, या वर्षी काही नाही. पण बाबा उठले, दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला, आणि एमआरटीनं जाऊन झेंडूचा हार घेऊन आले. मी ऑफिसला निघाले होते. मुलगी टेबलावर दूध-कॉर्नफ्लेक्स खात होती. बाबा फोटोसमोर स्टुलावर चढले आणि आईनं लावलेल्या हुकाची खालची पट्टी ओढू लागले. ती हळूहळू लांब होत गेली आणि हुक सुटून त्यांच्या हातात आला. भिंतीवर चौकोनी डाग राहिला.

"बाबा, काय करताय? पडाल."

त्यांनी खिशातून नवा हुक काढला. पाठीमागचा कागद सोलला आणि फोटोच्या उजव्या अर्ध्याच्या वर, फोटोतल्या स्वतःच्या डोक्याच्या बरोबर रेषेत, भिंतीला टेकवला.

"दाब," मला म्हणाले. "माझ्या बोटात जोर नाही. तीस सेकंद."

"बाबा, नको. अभद्र आहे ते." आईचाच शब्द, आईच्याच पट्टीत.

"पाडलेल्याला हार घालून काय करू? फोटोत उरलोय तो मी एकटाच. दाब लवकर, पडेल."

मुलीनं चमचा खाली ठेवला. "आजोबा, बट दॅट्स यू. व्हाय पुटिंग ऑन युवरसेल्फ?"

बाबा स्टुलावरून सावकाश उतरले, एक पाय, मग दुसरा. एका हातात हार होता. दुसरा हात त्यांनी आईच्या फोटोच्या चौकटीवर टेकवला, आणि तेव्हा मला दिसलं की चौकटीच्या मागं, भिंतीच्या आणि तिच्या मधल्या फटीत, ती काळी डबी बसवलेली आहे.

"तुझ्या आईला माझ्या फोटोला हार घालायचा सराव होऊ दे," ते नातीला म्हणाले. "पुढच्या वेळी बोटीत आम्हा दोघांना न्यायचंय तिला."

मी स्टुलावर चढले, अंगठा ठेवून हुक दाबला आणि मोजायला लागले. सतराला आकडा चुकला. मी पुन्हा एकपासून सुरुवात केली.